लाभक्षेत्रातला मुलगा

आदिनाथ कोठारे यांचा 'पाणी' बघितला तेव्हापासून मामांचा आणि माझा वाद सुरू आहे. मामा पाटबंधारे खात्यात अभियंता होते. निवृत्तीनंतर नाशिकला गंगापूर रोडवर, जुन्या गंगापूर नाक्याच्या पुढे राहायला आले. मी राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमींमध्ये आणि कालिदास कलामंदिराच्या विंगेत वाढले, आणि नंतर मुंबईत मालिकांच्या सेटवर सहायक दिग्दर्शक म्हणून काम केलं. चित्रपट आम्हां दोघांनाही आवडला. तरी आम्ही भांडतो, कारण मामा चित्रपटाबद्दल बोलतात आणि मी तो करायला मिळण्याबद्दल.

"तुझी तक्रार नेमकी कशाबद्दल आहे? आडनावाबद्दलच ना?" मामांनी पहिल्याच संध्याकाळी विचारलं.

"हो, आडनावाबद्दल. आजोबा अंबर कोठारे रंगभूमीवरचे. वडील महेश कोठारे 'छोटा जवान'मध्ये बालकलाकार, ती गोष्ट १९६३ची. मग 'राजा और रंक'मध्ये लहानपणीच दुहेरी भूमिका. पुढे १९८५मध्ये 'धुमधडाका' दिग्दर्शित केला. त्यांचा मुलगा १९९४च्या 'माझा छकुला'मध्ये, वडिलांच्याच दिग्दर्शनाखाली, कॅमेऱ्यासमोर उभा राहिला. नायक म्हणून पहिला चित्रपट 'वेड लावी जीवा', २०१०चा, तोही वडिलांचाच. आणि मग स्वतः दिग्दर्शक. तीन पिढ्या झाल्या मामा. यात बाहेरच्या माणसाला शिरायला फट कुठे आहे?"

"अशी पहिली फट बुजवणारा माणूस आपल्याच जिल्ह्यातला," मामा म्हणाले. "त्र्यंबकेश्वरला जन्मलेले दादासाहेब फाळके. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये रोहिदास कोण झाला होता? त्यांचाच मुलगा, भालचंद्र. तो खेळताना पडून बेशुद्ध झाला आणि फाळक्यांनी त्याच अवस्थेत रोहिदासाच्या मरणाचं दृश्य टिपून घेतलं, असं सांगतात. पुढे हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी नाशिकला आली, आणि १९१९च्या 'कालिया मर्दन'मध्ये कृष्ण झाली ती त्यांची मुलगी मंदाकिनी. सात वर्षांची. आता सांग, ही घराणेशाही होती का? सरस्वतीबाई युनिटचा स्वयंपाक करायच्या, फिल्म धुवायच्या, दागिनेसुद्धा दिले त्यांनी. घरच पणाला लावलं होतं, त्यात मुलंही आली."

हे मला मान्य आहे. 'कालिया मर्दन'चा उरलेला भाग मी पाहिला आहे. सुरुवातीला ती मुलगी नुसत्या चेहऱ्याने एकामागून एक भाव दाखवते. शंभर वर्षांपूर्वीची ती सात वर्षांची पोर कॅमेऱ्याला जराही बिचकत नाही, आणि तेवढ्यावरून मला कळतं की कॅमेरा तिच्या घरातलीच वस्तू होती. म्हणूनच मी मामांना पुढचा प्रश्न विचारला.

"ती मोठी होऊन दिग्दर्शक झाली का?"

"नाही."

"मास्टर विनायकांची नंदा?"

"नंदा कशी होईल? वडील १९४७ला गेले. 'मंदिर'मध्ये वडिलांनीच तिला उभं केलं होतं, तो पुढच्या वर्षी आला. मग घर चालवायचं होतं तिला."

"आणि ती पुढे कित्येक दशकं काम करत राहिली. इतके सेट, इतके दिग्दर्शक, इतकी वर्षं. ज्या अनुभवावर सचिन आणि महेश कोठारे दिग्दर्शक झाले, त्याच्या कितीतरी पट अनुभव नंदाकडे होता. सचिनचे वडील शरद पिळगावकर निर्माते होते; राजा परांजप्यांच्या 'हा माझा मार्ग एकला'मध्ये सचिन पाच-सहा वर्षांचा असेल, आणि १९८२ला 'मायबाप' करून तो खुर्चीवर बसला. नंदाला त्या खुर्चीवर बस असं कोणी म्हटलं? चित्रपटाच्या घरात जन्मलेल्या मुलाला घरचा धंदा मिळतो, मुलीला घरची भूमिका मिळते. वारशाबद्दल बोलायचं तर हेही बोला."

मामा गप्प राहिले नाहीत, त्यांचा तो स्वभावच नाही. "परदेशात मिळाली ना एकीला ती खुर्ची?"

"मिळाली. सोफिया कपोला. 'द गॉडफादर'मधल्या बाप्तिस्म्याच्या प्रसंगात वडिलांनी तिला तान्ही असतानाच दाखवलं, तेही मुलगा म्हणून. १९९०च्या तिसऱ्या भागातल्या तिच्या कामाची जगाने यथेच्छ टर उडवली. आणि त्याच बाईने २००३मध्ये 'लॉस्ट इन ट्रान्सलेशन' दिग्दर्शित केला, पटकथेचं ऑस्कर घेतलं. म्हणजे मुलीला जमत नाही असं नाही. आपल्याकडे कोणी विचारलं नाही, एवढंच."

या मुद्द्यावर मामांनी माझ्याशी वाद घातला नाही. त्यांचा जोर दुसरीकडे होता. त्यांचं म्हणणं, सेटवर वाढलेलं मूल जे शिकतं ते कुठल्याही संस्थेत शिकवता येत नाही, आणि ते शिकलेल्या माणसाने ते वापरलं तर त्याला दोष का द्यावा?

इथे मला त्यांच्या बाजूने बोलावं लागतं, कारण मी सेटवर मुलं पाहिली आहेत. बालकलाकाराचा दिवस मुख्यतः वाट बघण्यात जातो. लायटिंग होतंय, थांब. लेन्स बदलतायत, थांब. पाठीमागून विमान गेलं, परत. मोठी माणसं त्या वेळात फोनवर असतात. मूल मात्र बघत असतं. लाइट कोणी कुठे सरकवला, दिग्दर्शकाचा आवाज कुणाशी चढतो आणि कुणाशी उतरतो, कंटिन्यूइटीची वही हातात घेतलेली मुलगी मध्येच पुढे येऊन बटण का लावून जाते, ट्रॉलीचा रूळ सरळ नसला की काय होतं, हे सगळं ते टिपून घेतं. आणखी एक गोष्ट ते शिकतं, ती जास्त महत्त्वाची. "आता एकच टेक" असं त्याला दिवसभर सांगितलं जातं आणि ते खरं नसतं. रडण्याचा प्रसंग असेल तर कोणीतरी मुद्दाम त्याला दुखावणारं काही बोलतं. कॅमेऱ्यासमोरच्या माणसाला किती एकटं वाटतं हे त्याला ज्या वयात कळतं, त्या वयात आम्ही अंगणात खेळत होतो. असा माणूस पुढे दिग्दर्शक झाला तर नटाशी वागताना त्याच्या हाताला एक वेगळी समज असते. आमिर खानने स्वतः लहानपणी 'यादों की बारात'मध्ये काम केलं होतं. 'तारे जमीन पर'मधल्या मुलाकडून त्याने जे काढून घेतलं, त्यात त्याचं स्वतःचं मूलपण कुठेतरी असणार असं मला नेहमी वाटतं.

"बघ, तूच माझी बाजू मांडतेयस," मामा म्हणाले.

"निम्मी. पूर्ण नाही. ही समज मला हवी होती, पण ती मिळवायला मला तिशी गाठावी लागली, कारण मी लहान असताना आमच्या घरी कोणी शूटिंगला निघत नव्हतं."

मामांनी मग त्यांच्या हातातलं हत्यार काढलं. ते म्हणजे चित्रपटाचा विषय. 'पाणी' ही नांदेड जिल्ह्यातल्या नागदरवाडीची आणि हनुमंत केंद्रे या तिथल्या माणसाची कथा आहे. गावात पाणी नाही म्हणून त्या गावात कोणी मुली देत नाही. हनुमंतचं ज्या मुलीवर प्रेम आहे तिच्या घरचेही नकार देतात, आणि हा पाणी आणण्याचा शब्द देऊन बसतो. मामांनी आयुष्यभर पाण्याचंच काम केलं, त्यामुळे त्यांच्यासाठी ही नुसती प्रेमकथा नव्हती.

"तुला माहितेय, गंगापूर धरणात ५,६३० दशलक्ष घनफूट पाणी मावतं. जायकवाडीत त्याच्या कितीतरी पट. पंधरा ऑक्टोबरला हिशेब होतो, जायकवाडी पासष्ट टक्क्यांच्या खाली असलं की वरून पाणी सोडा, असा नियम आहे, आणि मग आपल्या नाशकात आंदोलनं होतात. आम्ही अर्धं आयुष्य या भांडणात घालवलं. पण तू इथलं सगळंच्या सगळं पाणी सोडलंस ना, गोदावरी नांदेडवरून जाते हे खरं, तरी नागदरवाडीच्या डोंगरावर त्यातला एक थेंब चढणार नाही. त्या गावाला त्याच्या माथ्यावर पडणारा पाऊसच अडवावा लागणार. माथा ते पायथा. आधी वर सलग समतल चर, मग खाली ओघळीला दगडी बांध, मग नाल्यावर मातीचा बांध. पायथ्याचा बंधारा आधी बांधलास तर दोन पावसाळ्यांत गाळाने भरतो. हे लोकांना समजावून सांगणं आणि ज्याच्या शेतातून चर न्यायचा त्या माणसाची संमती मिळवणं, यात खरं काम असतं. आणि त्यावर चित्रपट काढायला कोण तयार होतं? ज्याच्या वडिलांनी तात्या विंचू उभा केला, त्याचा मुलगा. त्याने 'झपाटलेला'चा तिसरा भाग काढला असता तर त्याला कोणी अडवलं असतं का?"

"नाही. पैसेही पटकन मिळाले असते."

"मग?"

"मग मामा, तुमच्याच खात्याच्या शब्दात सांगते. आदिनाथ कोठारे हे लाभक्षेत्रातले, म्हणजे धरणाचं पाणी मिळणारे शेतकरी आहेत आणि मी कोरडवाहू. लाभक्षेत्रातल्या माणसाने चांगलं पीक काढलं तर मला आनंद आहे, पण त्याने पीक चांगलं काढलं म्हणून पाण्याचं वाटप बरोबर आहे, असं होत नाही."

मामा जरा सावरून बसले. हा त्यांच्या प्रांतातला शब्द होता आणि त्यांना तो आवडला असावा. "ठीक. पण लाभक्षेत्रातले लोक काय लावतात?"

"ऊस."

"बरोबर. पाणी आलं की ऊस. शंभरातले बहुतेक ऊसच लावतात, कारण खात्रीचा पैसा. या माणसाने पाणी असताना ज्वारी लावली. मी त्याला मानतो ते त्यासाठी. बापाचा सगळा बाज त्याने बाजूला ठेवला. धुमधडाका नाही, खलनायकाची टोळी नाही, हसवाहसवी नाही. भाषा मराठवाड्याची, माणसं उन्हात रापलेली. बापाची नक्कल करण्यापेक्षा हे अवघड आहे."

"मुख्य भूमिका मात्र स्वतःच केली."

"ते तुला खटकलं?"

"खटकलं. ती जागा मराठवाड्यातल्या एखाद्या नव्या नटाला मिळाली असती, तर मी आज तुमच्याशी वाद घातला नसता."

यावर मामा म्हणाले की प्रत्येक दिग्दर्शकाला आपली माणसं निवडायचा अधिकार असतो, आणि त्यांचंही बरोबर आहे. नट म्हणून आदिनाथ कोठारे त्या भूमिकेत कमी पडले असं मीही म्हणणार नाही. मला दुखतं ते दुसरं आहे, आणि ते मला स्वतःलाच नीट कळायला वेळ लागला. 'पाणी' २०१९चा. त्या वर्षासाठीच्या सदुसष्टाव्या राष्ट्रीय पुरस्कारांत पर्यावरण संवर्धनावरचा सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून त्याची निवड २०२१मध्ये जाहीर झाली. आणि चित्रपटगृहात तो आला १८ ऑक्टोबर २०२४ला. प्रियांका चोप्रांच्या कंपनीसारखं नाव मागे असूनही त्या चित्रपटाला पाच वर्षं ताटकळावं लागलं.

"हेच तर मी म्हणतो," मामा म्हणाले. "आडनावाने दारं उघडतात म्हणतेस, मग थिएटरचं दार का नाही उघडलं?"

"नाही उघडलं. पण त्या पाच वर्षांत त्यांनी काय केलं बघा. '८३'मध्ये दिलीप वेंगसरकर साकारले. 'चंद्रमुखी'त दौलतराव झाले. घरची निर्मितीसंस्था होतीच. थांबणं त्यांना परवडलं. भाऊराव कऱ्हाडेंनी 'ख्वाडा'साठी शेतजमीन विकली. त्यांना पाच वर्षं थांबावं लागलं असतं तर? राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही त्यांच्या नंतरच्या 'टीडीएम'ला शो मिळेनात, तेव्हा तो माणूस लोकांसमोर रडला. मामा, फरक इथे आहे. गुणात नाही, मेहनतीतही नाही. वाईट वर्ष निघून जाईपर्यंत कोण तग धरू शकतो, यात आहे."

मामा बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "साठा."

"काय?"

"धरण पावसाच्या वर्षासाठी बांधत नाहीत गं. पावसाच्या वर्षात नदीतच पाणी असतं. धरण बांधतात ते पाऊस न पडणाऱ्या वर्षासाठी. तू म्हणतेस तो फायदा पाण्याचा नाही, साठ्याचा आहे. एवढं मी मान्य करतो." आणि लगेच पुढे, "पण तो साठा फुकट झालेला नाही. महेश कोठारेंनी 'लो मैं आ गया' नावाचा हिंदी चित्रपट काढला आणि ते कर्जात गेले, हे त्यांनीच जाहीर सांगितलंय. त्या घरातल्या मुलाने आटलेलं धरणही बघितलंय. तरी त्याला परत याच धंद्यात यावंसं वाटलं."

हे त्यांचं म्हणणं मला मनापासून पटलं. चित्रपटाच्या घरातल्या मुलाला यशाची झगमग दिसते असं आपण धरून चालतो. त्याला वसुलीला आलेली माणसंही दिसतात, शुक्रवारी बापाचा उतरलेला चेहरा दिसतो. बाहेरून येणाऱ्या आम्हां लोकांना चित्रपट आपटणं म्हणजे काय हे पहिल्यांदा स्वतःवर आल्यावरच कळतं.

पण माझा मुद्दा उरतोच, आणि तो मला गंगापूर रोडवरच सापडतो. कुसुमाग्रज स्मारक या रस्त्यावर आहे. तिथे कवितेचे कार्यक्रम होतात, नाटकांच्या तालमी होतात, आम्ही सगळे तिथे जातो. पण कुसुमाग्रज, म्हणजे शिरवाडकर, चित्रपटातही गेले होते हे फार थोड्यांना आठवतं. १९३६च्या सुमाराला नाशिकमध्ये गोदावरी सिनेटोन ही कंपनी होती. तिच्या 'सती सुलोचना'ची पटकथा त्यांनी लिहिली आणि लक्ष्मणाची भूमिकाही केली. चोवीस वर्षांचा तरुण, घरात चित्रपटाचा गंध नाही.

"त्यांना आत कोणी घेतलं मामा? आडनावाने नाही. कंपनी नाशिकमध्ये होती म्हणून घेतलं. चालत जाता येईल एवढ्या अंतरावर स्टुडिओ होता. फाळक्यांची कंपनी इथे होती तेव्हाही गावातल्याच माणसांना कामं मिळत होती. नंतर सगळं मुंबईला गेलं, आणि तेव्हापासून नाशिकच्या मुलाला चित्रपट करायचा तर आधी मुंबईत खोलीचं भाडं भरायला लागतं. मुंढेगावला चित्रनगरी होणार, होणार, असं आम्ही शाळेत असल्यापासून ऐकतोय."

"नागराज मंजुळे कुठल्या स्टुडिओच्या शेजारी राहत होते? करमाळा तालुक्यातून आले की."

"आले. आणि नगरच्या महाविद्यालयात संज्ञापनाचा अभ्यासक्रम होता, तिथे कॅमेरा हाताळायला मिळाला, त्यातून 'पिस्तुल्या' झाला, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. म्हणजे त्यांनाही एक चारी मिळालीच. छोटी होती, पण होती. ती नसती तर 'फँड्री' नाही आणि 'सैराट'ही नाही. एक नागराज मंजुळे दाखवून तुम्ही मला सांगू नका की कोरडवाहूला काही अडचण नाही."

"मी तसं म्हणत नाहीये." मामांचा आवाज थोडा चढला. "मी एवढंच म्हणतोय की त्या मुलाला आदिनाथ म्हणून बघ, कोठारे म्हणून नको."

"मी 'पाणी' बघताना त्यांना आदिनाथ म्हणूनच बघितलं. बाहेर आल्यावर मला आडनाव आठवलं, कारण बाहेर मी आहे."

हे वाक्य माझ्या तोंडून जरा जोरात गेलं. मामींनी आतून विचारलं, काय झालं. मामा म्हणाले, काही नाही, चित्रपट चाललाय.

मग ते माझ्याकडे वळून म्हणाले, "बरं, तुझ्या हातात असतं तर काय केलं असतंस? त्यांना चित्रपट काढू दिला नसता?"

"काढावा. दुसरा काढावा, तिसरा काढावा, मी पहिल्या दिवशी तिकीट काढून जाईन. मला फक्त साठा वाटून हवाय. आत्ता सरकार मराठी चित्रपटाला अनुदान देतं ना, ते चित्रपट पूर्ण झाल्यावर, समितीने बघून दर्जा दिल्यावर. म्हणजे जो आधीच पूर्ण करू शकला त्याला. पीक कापून झाल्यावर पाण्याची पाळी सोडल्यासारखं आहे ते. पेरणीच्या वेळी कोण देतं?"

"पेरणीच्या वेळी पैसे दिले की कामं कागदावर होतात. हे मी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलंय."

"कागदावर बंधारे झाले म्हणून तुम्ही बंधारे बांधणं थांबवलंत?"

"नाही," मामा म्हणाले. "मेजरमेंट बुक कडक ठेवलं. एवढं खोदकाम, एवढं बिल. पुढचा टप्पा मागचा मोजल्यावर."

"मग इथेही तसं करा. संहितेला थोडे. ती उभी राहिली की चित्रीकरणाला. मग संकलनाला. आणि शेवटचा हप्ता थिएटरात लागेपर्यंत थांबायला, कारण त्या थांबण्यातच माणसं मरतात."

मामांनी डोक्यात हिशेब केल्यासारखं केलं. "होऊ शकतं. पण मोजायला कोणाला पाठवणार? खोदकाम मोजायला टेप पुरते. पटकथा कुठे खचलीय, चित्रीकरण कुठे फसलंय, हे बघायला लहानपणापासून सेटवर वाढलेला माणूस लागेल. म्हणजे परत तुझ्या त्या लाभक्षेत्रातलाच कोणीतरी. आदिनाथ कोठारेच समज."

"चालेल," मी म्हटलं. "ते त्या टेबलामागे बसणार असतील तर माझी संहिता घेऊन रांगेत पहिली मी उभी राहीन."

"आणि त्यांनी नापास केली तर?"

"तर कुठे खचलीय ते विचारीन, आणि दुरुस्त करून परत नेईन."